हशाच्या आडोशाला लपलेल्या नटास

श्री. जॉन विल्क्स बूथ यांस,

सप्रेम नमस्कार लिहिण्याचा रिवाज आहे, म्हणून लिहिला.

14 एप्रिल 1865 च्या रात्री वॉशिंग्टनच्या फोर्ड्‌स थिएटरात आपण जे केलंत, त्याबद्दल इतिहासकारांनी आपल्याला पुरेसं झोडपलं आहे. राष्ट्राध्यक्ष लिंकन यांचा खून हे मोठं प्रकरण, ते त्यांच्याचकडे राहू दे. माझी तक्रार त्या मानानं किरकोळ आहे. आपण एका विनोदी नटाचा हशा चोरलात.

त्या रात्रीचं नाटक ‘अवर अमेरिकन कझिन’ आपल्या चांगलंच ओळखीचं होतं. तिसऱ्या अंकाच्या दुसऱ्या प्रवेशात मुलीसाठी श्रीमंत नवरा शोधणारी ती ठसकेबाज बाई एसा ट्रेंचर्डला रीतभात शिकवून आत जाते. मग रंगमंचावर एसा एकटाच उरतो आणि तिच्या पाठीमागं असं एक घसघशीत वाक्य फेकतो की प्रेक्षागृह दणाणून जातं. बार त्या गदारोळात बुडेल, शिवाय अडवायला समोर एकच माणूस असेल, असा आपला हिशेब. एसा झालेल्या हॅरी हॉकनं वाक्य टाकलं, हशा उसळला, आपण चाप ओढलात. टायमिंग लाजवाब! फक्त ते हॉकचं होतं.

आपण शोकांतिकांच्या घराण्यातले. वडील ज्युनियस ब्रूटस बूथ, थोरले बंधू एडविन. घरात शेक्सपिअरखाली बात नाही. पण आयुष्यातला सर्वांत मोठा प्रयोग लावायची वेळ आली, तेव्हा भरवसा कुणावर ठेवलात? तिसऱ्या अंकातल्या एका विनोदी वाक्यावर. हॅम्लेटच्या स्वगताला प्रेक्षक नेमका कुठं खोकेल, हे एडविनलाही सांगता आलं नसतं. हॉकचा हशा मात्र घड्याळ लावून घ्यावा असा. विनोदी नटांना याहून मोठी पावती कुणी दिली नसेल.

हा हशा कसा तयार झाला, ते आपल्याला ठाऊक असायला हवं होतं. नाटक टॉम टेलर या इंग्रजाचं. ते 15 ऑक्टोबर 1858 ला न्यूयॉर्कमध्ये रंगमंचावर आणलं लॉरा कीन या बाईनं, स्वतःच्या थिएटरात. व्हरमाँटचा रांगडा एसा इंग्लंडातल्या खानदानी नातेवाइकांकडं येऊन धडकतो, एवढीच गोष्ट. एसा झाला जोसेफ जेफरसन. लॉर्ड डंड्रेरीची 47 ओळींची भूमिका ई. ए. सदर्नच्या गळ्यात पडली, तेव्हा तो कुरकुरला. मग त्यानं त्यात पदरचं घालायला सुरुवात केली: बोबडेपणा, मध्येच एक उडी, उलटसुलट करून टाकलेल्या म्हणी. लोक हसले की ती जागा पक्की, नाही हसले की दुसऱ्या दिवशी गाळायची. होता होता मूळ नाटक मागं पडलं आणि डंड्रेरीच्या लांब कल्ल्यांची फॅशन निघाली.

पदरच्या या जागा इतक्या मोलाच्या ठरल्या की फिलाडेल्फियात दुसऱ्यांनी नाटक लावलं, तेव्हा कीनबाई कोर्टात गेल्या. जेफरसननं तालमीत घातलेल्या जागा कुणाच्या मालकीच्या, हाही त्या खटल्यातला एक वाद होता. प्रतिवादींत होते जॉन स्लीपर क्लार्क, आपले सख्खे मेहुणे, पेशानं विनोदी नट. म्हणजे हे चोरीचं प्रकरण आपल्या घरात आधीच येऊन गेलेलं होतं. मेहुण्यांनी निदान लोकांना हसवण्यासाठी हात मारला होता.

पुढं कीनबाई हे नाटक घेऊन गावोगाव फिरल्या. खुनाच्या त्या शुक्रवारच्या जाहिरातीत त्यांचे हजारावर प्रयोग झाल्याचं छापलं होतं. शिवाय ती रात्र त्यांच्या ‘बेनिफिट’ची, म्हणजे उत्पन्न त्यांच्या पदरात पडायची, आणि मुक्कामातली शेवटची. आपण नेमकी हीच निवडलीत! व्यवसायबंधूला इतपत शिष्टाचार माहीत असतो, असा माझा समज होता.

नंतर बॉक्समधून रंगमंचावर टाकलेली उडी मात्र खास आपली. नाटकांत उंचावरून उडी टाकण्याबद्दल आपली ख्याती होतीच. या खेपेला बुटाची आर झेंड्यात अडकली. पाय तेव्हाच मोडला की पुढं घोड्यावरून पडून, यावर अभ्यासक अजून भांडतात. सुरा उगारून आपण लॅटिनमध्ये काहीतरी गर्जना केलीत. काही प्रेक्षकांना तो नाटकाचाच भाग वाटला. हॉक बिचारा जिना चढून पळाला. भर हशात सहनटाच्या अंगावर सुरा घेऊन येणं कुठल्या संहितेत बसतं?

यामागचं एक कारण मला दिसतं. 25 नोव्हेंबर 1864 ला न्यूयॉर्कच्या विंटर गार्डनमध्ये आपण तिघा भावांनी ‘ज्युलियस सीझर’ केलंत. सीझरला मारणारा ब्रूटस झाला एडविन. आपल्या वाट्याला मार्क अँटनी. पाच महिन्यांच्या आत आपण हवी ती भूमिका स्वतःच वाटून घेतलीत. मग मेरीलँडच्या रानात लपून, मोडक्या पायानिशी वर्तमानपत्रं मागवलीत. शुद्ध नट! प्रयोगानंतर समीक्षा नको का वाचायला? ती वाईट आली. ब्रूटसला ज्यासाठी गौरवलं त्यासाठीच आपल्याला हाकलतात, अशी तक्रार डायरीत लिहिलीत. जेमतेम बारा दिवसांत प्रयोग बंद पडला.

बिलं इतरांनी भरली. थिएटरमालक जॉन फोर्ड त्या रात्री गावात नव्हते, तरी महिनाभराहून अधिक तुरुंगात राहिले. मेहुणे क्लार्क तुरुंगात. कीनबाई आणि हॉक पुढच्या मुक्कामाला निघालेले, त्यांना वाटेत हॅरिसबर्गला पकडलं. हसवणाऱ्यांना कोठडी, हे आपलं रंगभूमीला योगदान.

पण एक सांगायलाच हवं, आपल्याला आवडणार नाही. नाटक मेलं नाही. सदर्न पुढं वर्षानुवर्षं डंड्रेरी करत राहिला. जेफरसन 1865 च्या सप्टेंबरात लंडनमध्ये ‘रिप व्हॅन विंकल’ घेऊन उभा राहिला आणि त्याच एका भूमिकेवर जवळजवळ चाळीस वर्षं अमेरिका फिरला. त्या रात्रीवर अमेरिकेत एक काळा विनोदही रुळला: ‘ते सोडा हो, मिसेस लिंकन, नाटक कसं वाटलं?’ त्यात मिसेस लिंकन आहेत, नाटक आहे. आपल्याला त्यात एकही वाक्य नाही, आपलं नावसुद्धा नाही.

कळावे, लोभ नसावा.

पिटातला एक प्रेक्षक