भुंगेऱ्यांना कोण शिकवतं?

जुन्या लघुपटांतले प्राणी विनोदी असतात, हे मला मान्य नाही. ते कमालीचे गंभीर असतात. हसू येतं ते त्यांना कामाला लावणाऱ्या माणसाचं. १८९४ साली एडिसनच्या न्यू जर्सीतल्या स्टुडिओत चित्रित झालेला ‘द बॉक्सिंग कॅट्स’ पाहा. हातमोजे चढवलेली दोन मांजरं चिमुकल्या रिंगणात एकमेकांना पंजे मारतात, म्हणजे एरवी जे करतात तेच करतात. मागे उभे आहेत प्रोफेसर वेल्टन. (कोणत्या विद्यापीठाचे, ते विचारू नये.) एक धडधाकट गृहस्थ मांजरांची झुंज लावण्यात इतका गढलेला दिसल्यावर मांजरांकडे कोण बघणार?

बोलपट आले आणि माणसाची हौस आणखी वाढली. एमजीएमने १९२९ ते १९३१ या काळात ‘डॉगव्हिल’ लघुपट काढले. त्यांत सगळी पात्रं कुत्र्यांची. कोट-टोप्या घालून, तारांच्या आधाराने मागच्या पायांवर उभी, आवाज माणसांचे, आणि ओठ हलावेत म्हणून तोंडात टॉफी. ‘द ब्रॉडवे मेलडी’ला ऑस्कर मिळालं, तर यांनी ‘द डॉगवे मेलडी’ काढला. ‘ऑल क्वाएट ऑन द वेस्टर्न फ्रंट’ गाजला, तर कुत्रे खंदकात उतरले. लष्करी टोपीखालचा तो उदास, टॉफीत गुंतलेला चेहरा पाहिला की खरे सेनापतीही असेच दिसत असावेत, अशी शंका येते. थट्टा कुत्र्याची होतच नाही.

यावर कुणी म्हणेल, तारांनी उभ्या केलेल्या मुक्या जिवाला हसणं हा शुद्ध निर्दयपणा आहे. वागणुकीबद्दलचा आक्षेप रास्तच आहे, मी त्याची वकिली करणार नाही. पण आपण त्या जिवाच्या हालांना हसतो, हे त्यातून सिद्ध होत नाही. हाल वजा करून बघावेत. व्लादिस्लाव स्तारेविचने १९१२ मध्ये रशियात काढलेल्या ‘द कॅमेरामन्स रिव्हेंज’मध्ये मेलेले कीटक चौकटीगणिक हलवून नाचवले आहेत. भुंगेरेराव नाचणाऱ्या चतुरीच्या नादी लागतात, घरी त्यांची बायको एका चित्रकाराच्या. चतुरीपायी सुडाने पेटलेला कॅमेरामन नाकतोडा रावांचे प्रताप चोरून चित्रित करतो आणि थिएटरात सपत्नीक बसलेल्या भुंगेरेरावांना पडद्यावर दाखवतो. मारामारी, आग, आणि नवरा-बायको एकाच कोठडीत! इथे कुणाला इजा नाही, तरी हसू तसूभर कमी होत नाही. स्तारेविचचे कीटक जिवंत असून त्यांना तालीम दिली आहे, असं तेव्हा काहींना खरंच वाटलं होतं. शिकवल्याशिवाय भुंगेरा बाहेरख्याली व्हायचा नाही, एवढं त्यांनी अचूक ओळखलं होतं.