सांभाळून, पायरी आहे

पाहुणा बसमधून उतरला की ज्याच्या चपला आपोआप पायांत चढतात असा एक गृहस्थ प्रत्येक गावात असतो. तुमच्याही गावात आहे. पाहुण्याचा चहा अजून कपात असतो, तेवढ्यात हा दारातून विचारतो, "गाव बघितलं का?" आणि उत्तर यायच्या आत चार पावलं पुढे निघालेला असतो. गाडी त्याला वर्ज्य. "गाडीतून काय डोंबल दिसणार? पायी चला. जवळच आहे." जवळ म्हणजे किती, हे पाहुण्याला दुसऱ्या दिवशी पोटऱ्या सांगतात.

हा माणूस पुण्यात जन्मला असता तर रविवारी सकाळी शनिवारवाड्याच्या जोत्यांवरून माणसं फिरवत बसला असता. दौलताबादला जन्मला असता तर अंधारीत मशाल धरून पुढे झाला असता. आमच्या वाट्याला तो रामनगरात आला. बेळगावहून गोव्याला जाताना लोंढ्याच्या पुढे आणि अनमोड घाटाच्या अलीकडे लागतं ते रामनगर, तालुका जोयडा. तिथे माझी सासुरवाडी, आणि सासुरवाडीला लागून गाईडमामा. नाव वेगळं आहे, पण ते आता फक्त रेशनकार्डावर उरलंय.

गाईडमामांची अडचण एवढीच, की ते जे गाव दाखवतात ते पाण्याखाली आहे.

सुपा हे तालुक्याचं ठिकाण होतं. काळी आणि पांढरी या दोन नद्यांच्या संगमावर. १९७४ साली गणेशगुडीजवळ काळी नदीवर धरणाचं काम सुरू झालं, १९८७ साली पुरं झालं, आणि त्या दरम्यान कधीतरी सुप्यात पाणी शिरलं ते परत निघालं नाही. कचेरी जोयड्याला गेली. तालुक्याचं नावही जोयडा झालं. माणसं रामनगरात येऊन बसली. मामा तेव्हा मिसरूड फुटण्याच्या वयाचे होते, म्हणजे गावातली प्रत्येक गल्ली पाठ आणि कुठल्याच गल्लीत काम नाही, अशा वयाचे. गाईड व्हायला याहून चांगलं शिक्षण नसतं.

तर मामांचा फेरफटका. तो रामनगरातच होतो, पण सुप्याच्या नकाशावर. म्हणजे तुम्ही चालत असता मोबाईल रिचार्जच्या दुकानासमोरून, आणि मामा सांगत असतात मामलेदार कचेरीविषयी. कचेरी "आली" की ते आवाज खाली आणतात. देऊळ "आलं" की चप्पल काढतात, आणि भर डांबरी रस्त्यावर, एप्रिलच्या उन्हात, पाहुण्यालाही काढायला लावतात. आणि बाजारपेठेच्या तोंडाशी पोचलं की एकदम हात आडवा घालून ओरडतात, "सांभाळून, पायरी आहे!"

रस्ता सपाट असतो. तरी माणसं पाय उचलतात. मी पहिल्यांदा इतका उंच उचलला की मागून येणाऱ्या सायकलवाल्याने सलाम समजून मान लववली.

ही पायरी आमच्या घराण्याचं कायमचं दुखणं होऊन बसली. मेव्हण्याच्या लग्नात वरात मारुतीच्या देवळाकडे निघाली, तेव्हा मामा घोड्याच्या पुढे होते. नेमक्या जागी आले आणि हात आडवा. नवरदेव घोड्यावर, घोड्याला मराठी कळत नाही, पण बँडवाल्यांना कळतं. क्लॅरिनेटवाल्याने सूर अर्ध्यावर तोडून पाय उचलला, त्याच्या मागच्या ढोलवाल्याने उचलला, आणि करवल्यांची सगळी रांग नऊवारी सावरत काही नसलेल्या पायरीवरून उतरली. व्हिडिओत ते अजून आहे. बघणाऱ्याला वाटतं, सोयऱ्यांकडचा काही कुळाचार असावा.

बरं, खरी पायरी असेल तिथे हा माणूस सांगेल? छे. जोयड्याच्या नव्या कचेरीला चांगल्या घडीव पायऱ्या आहेत. सातबारासारखं काही काम होतं म्हणून सासरे मामांना घेऊन गेले. मामा गप्पा मारत वर चढले, सासरे पहिल्याच पायरीला अडखळून गुडघ्यावर आले. "मामा, सांगायचं नाही का?" तर म्हणाले, "ही काय सांगायची? ही दिसते की."

धंदा म्हणावा तर मामा पैसे घेत नाहीत. वेळ घेतात. भाषा चार: कन्नड, मराठी, हिंदी आणि कोकणी. माहिती पहिल्या तिन्हीत, शिव्या फक्त कोकणीत. शिव्यांचे मुख्य मानकरी म्हणजे दांडेली-गणेशगुडीला राफ्टिंगसाठी येणारी मंडळी. धरणातून पाणी सोडलं की खाली काळीला वेग येतो आणि पर्यटक केशरी जाकिटं चढवून रबरी होड्यांत बसतात. तिथली पोरं धरणाचे आकडे पाढ्याच्या चालीवर सांगतात: उंची १०१ मीटर, लांबी ३३२ मीटर, पायथ्याशी ५० मेगावॅटचे दोन संच. मामा काठावर उभे राहून हे ऐकतात आणि मग गर्दीत शिरतात. "तुम्ही ज्या पाण्यावर उड्या मारताय ना, ते आमच्या बाजारपेठेतून आलंय. पळय, पळय! तुमच्या होडीखालून आमच्या शेट्याचं दुकान वाहतंय!" बंगळूरचा एखादा मुलगा नम्रपणे विचारतो, "अंकल, तिथे सेल्फी पॉइंट आहे का?" यापुढचं कोकणी मी इथे देत नाही. मात्र तो मुलगा होडीत पाय टाकायला लागला की मामांचा हात आडवा होतोच. "सांभाळून, पायरी आहे!"

या खात्यात दुसरा नंबर कॅसलरॉकला जाणाऱ्यांचा. नाव ऐकून लोक किल्ला शोधत येतात. हे ब्रिटिश हद्दीचं शेवटचं स्टेशन. पलीकडे पोर्तुगीजांचा गोवा. सामानसुमान इथे उचकून बघत, जकात घेत, आणि मग गाडी दूधसागरच्या बाजूने खाली कुळ्याला उतरे. ही खरी गोष्ट. पण किल्ल्याची चौकशी केली की मामांचं डोकं फिरतं. "कॅसलरॉकला नाव आहे, किल्ला नाही. सुप्याला धरण आहे, सुपा नाही. जोयडा तालुक्यात येताना काही असेल ही अपेक्षाच ठेवू नका."

मध्यंतरी मेव्हण्याची मुलगी नोकरीसाठी जपानला गेली आणि तिने कानाझावाचा एक व्हिडिओ पाठवला. किल्ल्याभोवती वसलेलं जुनं शहर. सामुराईंच्या वस्तीतल्या मातीच्या भिंती, त्यांना हिवाळ्यात बर्फाचा मार बसू नये म्हणून गवताच्या चटया बांधतात, आणि वाकड्यातिकड्या गल्ल्यांतून एक निवृत्त म्हातारा छोटा झेंडा धरून फुकट माहिती सांगत पुढे चाललाय. मामा खुर्ची ओढून पुढे सरकले. समव्यवसायी भेटला होता.

"गल्ल्या मुद्दाम वाकड्या ठेवल्यात," मी समजावलं. "शत्रूला सरळ किल्ल्यापर्यंत जाता येऊ नये म्हणून."

"आमच्या सुप्यातही वाकड्याच होत्या."

"शत्रूसाठी?"

"नाही. एकाने ओटा पुढे घेतला, मग दुसऱ्याने घेतला."

पुढे त्या म्हाताऱ्याने रिकाम्या आभाळाकडे बोट केलं. किल्ल्याचा मुख्य मनोरा १६०२ साली वीज पडून जळाला तो पुन्हा बांधलाच नाही. मामा ताडकन उठले. "बघ! तोही नसलेलंच दाखवतो! चारशे वर्षं झाली, अजून दाखवतो!" मग खाली बसून जरा वेळाने म्हणाले, "त्यांचा मनोरा विजेने गेला. आमचं गाव विजेसाठी."

यावर घरात कोणी काही बोललं नाही, कारण बोलण्यासारखं होतंच काय? धरणाच्या काठावरच्या कित्येक वाड्यांनी ती वीज वर्षानुवर्षं फक्त डोक्यावरच्या तारांतून जाताना पाहिली. दुसऱ्या दिवशी मामांनी छत्रीच्या टोकाला लाल फडकं बांधलं, म्हणजे विषय मिटला.

पण मी सांगतो, शनिवारवाड्याच्या गाईडचं काम सोपं. १८२८च्या आगीत आतला वाडा जळून गेला, तरी दिल्ली दरवाजा उभा आहे. दरवाजा असला की निम्मं काम झालं, बाकीचं नारायणरावावर भागतं. मामांकडे दरवाजा नाही, भिंत नाही, पाटीसुद्धा नाही. सगळा माल तोंडात. आणि असा माल विकणाऱ्याला गिऱ्हाईक नव्हे, हुज्जत घालणारा लागतो, हे माझ्या फार उशिरा लक्षात आलं.

पूर्वी मामांची एक फेरी अर्ध्या तासात होणारी दोन तास चाले, कारण प्रत्येक ओट्यावरून कोणीतरी उठून सांगे की तुझं चूक आहे. कचेरीचं तोंड पूर्वेला होतं की उत्तरेला, यावर दोन पेन्शनरांनी एकमेकांशी बोलणं टाकलं होतं. पायरीवर तर महाभारत. मामा म्हणत, बाजाराच्या तोंडाशी तीन पायऱ्या होत्या. समोरच्या घरातली आजी पान चघळत उंबऱ्यावरून म्हणे, "तीन न्हय, चार." मामा उलटून, "आजी, मी तिथून रोज उड्या मारायचो." आजी, "आनी हांव थंय पडलें. चार." कॅलेंडरच्या मागच्या कोऱ्या बाजूला मामांनी सुप्याचा नकाशा काढलेला, आणि त्यावर इतकी खाडाखोड की गावाला पुन्हा पूर आल्यासारखं वाटे. आजी रागावली की मामा पेन्सिलीने एक पायरी वाढवत, घरी जाऊन खोडत.

ती आजी गेली. पेन्शनर गेले, न बोलताच. ओट्यांवर आता रामनगरात जन्मलेली मुलं बसतात. ती चांगली आहेत. मामा काहीही सांगोत, मान हलवतात. पर्यटक त्याहून चांगले. ते मान हलवून वर फोटो काढतात. मामांचा नकाशा गेली काही वर्षं स्वच्छ आहे. एकही नवी खाडाखोड नाही.

आणि मामा बिघडायला लागले. मागच्या उन्हाळ्यात मी त्यांच्या मागून चालत होतो. हुबळीहून आलेल्या एका कुटुंबाला त्यांनी सांगितलं, पायऱ्या तीन. परत येताना त्याच जागी, त्याच कुटुंबाला सांगितलं, पायऱ्या पाच. मग छत्री टेकून थांबले आणि एकेकाच्या तोंडाकडे बघत राहिले. कुटुंबप्रमुख म्हणाले, "हो का? वा!" मामांनी लाल फडकं नीट केलं आणि पुढे निघाले.

मला सुप्याचं काहीही माहीत नाही. मी तिथे पाण्याच्या वर कधी गेलेलो नाही. शिवाय या माणसामुळे माझी मेव्हण्याच्या वरातीत शोभा झालेली. तरी संध्याकाळी ते आमच्या पडवीत चहाला आले तेव्हा मी कपातून मान वर न काढता म्हणालो, "मामा, पायऱ्या चार होत्या."

"कोण म्हणतं?"

"चारच होत्या."

मामांनी बशी खाली ठेवली. "तू कधी जन्मलास? तुझं गाव कुठलं? बेळगावात बसून तू मला सुप्याच्या पायऱ्या सांगणार? तीन! आणि चौथी म्हणतोस ती पायरी नव्हेच, तो वरून घसरून आलेला दगड, त्यावर कोळणी टोपली टेकवायच्या. दगड कुठला नि पायरी कुठली, एवढं कळत नसेल तर..." इथून कोकणी सुरू झालं. सासूबाईंनी दोनदा जेवायची हाक मारली. कॅलेंडर आणलं गेलं, पेन्सिल शोधली गेली, दगड काढला गेला, खोडला गेला, जरा डावीकडे पुन्हा काढला गेला. माझी रात्रीची बेळगावची गाडी चुकली.

सकाळी स्टँडवर उभा होतो, तर समोरून छत्रीचं लाल फडकं. मागे गोव्याकडची आठ-दहा माणसं. मामांनी मला पाहिलं आणि न पाहिल्यासारखं केलं. हात आडवा झाला, माणसांनी पाय उचलले, आणि मला नीट ऐकू जाईल अशा आवाजात ते म्हणाले, "काही लोक इथे चार पायऱ्या होत्या असं सांगतात. पण त्यांचा अभ्यास कमी आहे."