निधी उपलब्धतेनुसार

सरकारी कामाचे बिल वेळेवर निघत नाही अशी ओरड करणाऱ्या कंत्राटदारांना राज्यकारभाराचे मर्म कळलेले नाही, असे खेदाने म्हणावे लागते. बँक कर्ज देते ते व्याज लावून. रोखे घेणारेही व्याज मोजून घेतात. पदरचे पैसे घालून रस्ता बांधून देणारा आणि वर साहेबांच्या चहाचेही पैसे देणारा बिनव्याजी सावकार मात्र एकच. त्याचे पैसे लगेच परत करणे हा त्याच्या औदार्याचा अवमान ठरेल.

यात हलगर्जीपणा कुणाचाच नाही. शाखा अभियंत्याने मोजमाप पुस्तिकेत नोंद केली, उपअभियंत्याने ती तपासली, कार्यकारी अभियंत्याची सही झाली. आता उरला फक्त निधी, आणि तो उपलब्धतेनुसार मिळतो. दोषदायित्वाचा काळ मात्र काम पूर्ण होताच सुरू होतो. त्यामुळे ज्या रस्त्याचा पैसा आलेला नाही, त्यावरचा खड्डा बुजवण्याची नोटीस अगदी वेळेवर येते. प्रशासन सुस्त आहे म्हणणाऱ्यांनी ही तत्परता पाहावी.

एवढ्यावरही कुणाचे समाधान झाले नाही, तर न्यायाची दारे उघडी आहेत आणि ती एक-दोन नव्हेत. दिवाणी दावा लावायचा तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 80 प्रमाणे आधी 2 महिन्यांची नोटीस द्यावी, म्हणजे सरकारला शांतपणे विचार करता येतो. दावा जिंकलाच, तर कलम 82 प्रमाणे आणखी 3 महिने थांबावे आणि मगच वसुलीची भाषा काढावी. मुदतीच्या कायद्याने कंत्राटदाराला 3 वर्षे दिली आहेत, सरकारला स्वतःच्या दाव्यासाठी 30. ज्याला हप्ते भरायचे असतात त्याने घाई करावी, हे योग्यच आहे.

उच्च न्यायालयात रिटही करता येते. देणे कबूल असेल तर न्यायालय ते देण्याचा आदेश देऊ शकते. म्हणूनच सुज्ञ खाती काही कबूल करण्याची घाई करत नाहीत. करारात तरतूद असेल तर लवाद आहेच. निवाडा खात्याच्या विरोधात गेला की लवाद कायद्याच्या कलम 34 खाली आव्हान, मग कलम 37 खाली अपील, मग दिल्ली. जनतेच्या पैशाची केवढी ही काळजी! तिच्यापायी वकिलांची फी आणि वाढते व्याज जनतेच्याच पैशातून जाते, हा भाग किरकोळ.

लघुउद्योगांसाठी 2006 चा कायदा तर फारच उदार आहे. 45 दिवसांत पैसे द्या, नाहीतर बँक दराच्या तिप्पट चक्रवाढ व्याज. मात्र कामाच्या कंत्राटांना तो लागू होत नाही, असे मुंबई उच्च न्यायालयाने म्हटले आहे. चांगली वस्तू जपूनच वापरावी.

या सगळ्या उपायांचे खरे सौंदर्य असे की, बहुतेक कंत्राटदार त्यांच्या वाटेला जातच नाहीत. पुढची निविदा त्याच कार्यालयातून निघते, पुढचे मोजमापही तोच अभियंता घेतो. ज्याच्याकडून काम हवे त्याच्यावर दावा लावणे आपल्या संस्कृतीत बसत नाही, आणि न्यायालयांवरचा भार हलका ठेवण्यात या संस्कृतीचा मोठाच वाटा आहे.

तरीही लढून जिंकणारे काही हट्टी निघतात. त्यांच्यासाठी केंद्राने 2023 मध्ये ‘विवाद से विश्वास 2’ ही योजना आणली. न्यायालयात जिंकलेल्याने 100 पैकी 85 पर्यंत घ्यावेत, लवादात जिंकलेल्याने 65 पर्यंत, आणि वाद मिटवावा, असा तिचा प्रस्ताव होता. हरणाऱ्याला जिंकणाऱ्याने सूट देण्याची ही पद्धत इतर कुठल्याही खेळात रूढ झालेली नाही.

वाचकांना एकच विनंती. हा आदर्श कितीही भावला तरी घरपट्टी भरताना तो गिरवू नका. महापालिका थकबाकीवर दरमहा 2 टक्के शास्ती लावते, आणि तिथे निधी उपलब्धतेनुसार चालत नाही.