मुक्काम पोस्ट वाकोला

अमेरिकेची मावशी डिसेंबरात येते, पण तिचा कारभार ऑक्टोबरातच सुरू होतो. या वर्षी घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर पहिला मेसेज पडला तो असा: "आईचा गुडघा. डॉक्टरांची वेळ घेणे. ओनर कोण?" आजीने चष्मा लावून, एकेक अक्षर टिपत उत्तर पाठवलं: "गुडघा माझा आहे."

आमच्या वाकोल्यात दर दोन-तीन बिल्डिंगांमागे अशी एक मावशी, आत्या, नाहीतर नुसतीच "वरच्या मजल्यावरची ती" निघते. शिकली इथे, गेली तिथे, चढली खूप वर. आमची मावशी कॅलिफोर्नियात एका सॉफ्टवेअर कंपनीत व्हाइस प्रेसिडेंट आहे. हाताखालची माणसं तीन खंडांत पसरलेली. वाकोल्यात मात्र तिची ओळख "कॉम्प्युटरमध्ये असते" इथेच संपते. शेजारच्या काकूंनी एकदा सरळच विचारलं, "तू नक्की करतेस काय गं दिवसभर?" मावशी रोडमॅप, अलाइनमेंट असं काहीबाही सांगू लागली. काकूंनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "हां, म्हणजे मीटिंगा." इतका नेमका शेरा तिला अप्रेझलमध्येही मिळाला नसेल.

तिची कारकीर्द ऐकावी ती आजीकडून. मावशी सांगते तेव्हा त्यात "जर्नी" येते. आजी सांगते तेव्हा बस नंबर येतात. व्हीजेटीआयला इलेक्ट्रिकल. वर्गात मुली बोटावर मोजण्याइतक्या. वाकोल्याहून बसने सांताक्रूझ, लोकलने दादर, पूल चढून सेंट्रलने माटुंगा, खांद्यावर टी-स्क्वेअर. मग सीप्झमध्ये नोकरी. नव्वदच्या दशकात अमेरिकेचा व्हिसा. तेव्हा त्यांची कचेरी ब्रीच कँडीला, लिंकन हाउसमध्ये होती. आजोबा अंधारातच जाऊन रांगेत उभे राहिले होते. 2011 साली ती कचेरी बीकेसीत आली, वाकोल्यापासून रिक्षाच्या अंतरावर. "एवढं जवळ आणायचंच होतं, तर जरा आधी आणायचं," हा आजीचा अमेरिकन सरकारवरचा कायमचा राग.

तिकडे गेल्यावर पहिली कामगिरी वाय-टू-केची. जुन्या प्रोग्रॅमांत वर्षाचे शेवटचे दोनच आकडे लिहिलेले, ते 2000 साल उजाडायच्या आत शोधून दुरुस्त करायचे. त्या कामासाठी इथून भरभरून विमानं गेली. 2001च्या मंदीत त्यातली बरीच परतही आली. मावशीचीही नोकरी गेली. एच-वन-बीवाल्याला दुसरी नोकरी शोधायला आज साठ दिवस मिळतात, पण ती सवलत 2017पासूनची. त्या वेळी नोकरी संपली की मुक्काम संपला. मावशीने धावपळ करून दुसरी मिळवली, ग्रीन कार्डाचा अर्ज मात्र पुन्हा पहिल्यापासून. एका देशाच्या वाट्याला वर्षाला फार तर सात टक्के कार्डं, आणि आपली रांग केवढी! त्या वर्षांत मावशी मॅनेजर झाली, मग डायरेक्टर झाली. दर बढतीला आजीचा फोनवर एकच प्रश्न: "पण कायम झालीस का?" व्हाइस प्रेसिडेंट झाल्याचं कळलं तेव्हा आजी "बरं" म्हणाली होती. ग्रीन कार्ड आलं त्या दिवशी जाऊन गावदेवीची ओटी भरून आली.

मावशीच्या बॅगेतून चॉकलेटं निघतात हे जगजाहीर आहे. खरा माल म्हणजे टी-शर्ट. कंपन्या, कॉन्फरन्स, हॅकेथॉन, सगळ्यांचे फुकटचे. आमचा वॉचमन थंडीत क्लाउड सिक्युरिटीचं जॅकेट घालतो, इस्त्रीवाल्याच्या पोराच्या छातीवर कधीच बुडालेल्या एका स्टार्टअपचं नाव आहे आणि आजीची फरशी ज्याने पुसली जाते त्या कापडावर अजून "वाय-टू-के रेडी" वाचता येतं. परतीच्या बॅगा हे वेगळंच प्रकरण. तेवीस-तेवीस किलोच्या दोन. त्यात भाजणी, मेतकूट, गोडा मसाला, कुळथाचं पीठ. प्रत्येक पुडीचं वजन एक्सेलमध्ये. शेवटच्या रात्री आजी गुपचूप लोणच्याची बरणी कोंबते आणि सगळी शीट कोलमडते.

एक शीट मात्र टिकून आहे. 26 जुलै 2005ला सांताक्रूझच्या वेधशाळेत 944 मिलिमीटर पाऊस नोंदला गेला, वाकोला नाल्याने रस्ते गिळले, फोन मेले. मावशी तिकडे रात्रभर नंबर फिरवत बसली होती. इकडे आजी दुसऱ्या मजल्यावर, तळमजल्याच्या बिऱ्हाडांना पिठलं-भात वाढत होती. पुढच्या खेपेला मावशीने अख्ख्या बिल्डिंगचा आपत्कालीन संपर्क तक्ता करून जिन्याखाली चिकटवला. तो अजून आहे. त्यातले निम्मे नंबर लँडलाइनचे आणि काही माणसं देवाघरची, पण काढायचं धाडस सेक्रेटरींना होत नाही. खाली लिहिलंय, "दर तिमाहीला अपडेट करणे."

आजीकडे पेपरातली कात्रणं असतात. सध्या वर आहे ते नेहा नारखेडे यांचं. पुण्याची मुलगी, पीआयसीटीत शिकली, जॉर्जिया टेकला मास्टर्स केलं, लिंक्डइनमध्ये दोन सहकाऱ्यांबरोबर काफ्का नावाची प्रणाली उभी केली. 2011ला ती जगाला खुली केली, 2014ला तिघांनी कॉन्फ्लुएंट काढली, 2021ला कंपनी नॅसडॅकवर गेली. "हे काफ्का म्हणजे काय गं?" आजीने विचारलं. मावशीचा चेहरा उजळला. वाण्याची वही, ती म्हणाली. जे घडेल ते खाली लिहीत जायचं, मागचं खोडायचं नाही, आणि ज्याला पाहिजे त्याने आपापल्या पानापासून वाचायचं. फक्त नोंदी सेकंदाला लाखो. आजीला पटलं. "मग तू का नाही केलंस? वाणी तर आपल्या खालीच होता."

मावशी हसली, पण तिला ते लागलं असावं. कारण पुढे जे म्हणाली ते मी तिच्या तोंडून कधी ऐकलं नव्हतं. "मी कित्येक वर्षांत कोडची एक ओळ लिहिलेली नाही रे. बढती मिळत गेली तशी पोरांनी माझी परमिशनच काढून घेतली. मी काही मोडीन अशी भीती वाटते त्यांना."

रोज रात्री साडेनऊला, म्हणजे तिकडे सकाळी आठला, मावशी डायनिंग टेबलावर बसते. मागे पडद्यावर गोल्डन गेट ब्रिज. त्या पुलाच्या मधोमध अधूनमधून आजीचा हात उगवतो, हळदीच्या दुधाचा पेला ठेवतो आणि धुक्यात नाहीसा होतो. त्या दिवशी हात उगवला तो पेल्याशिवाय. पाणी गेलं होतं. पंप सुरू होत नव्हता, इलेक्ट्रिशियन गावाला. मावशीने "आय हॅव अ हार्ड स्टॉप" म्हणून लॅपटॉप मिटला आणि आजोबांचा टेस्टर घेऊन खाली गेली.

मेन स्विच बंद केला. वॉचमनला टॉर्च धरायला लावला. स्टार्टरचं झाकण उघडलं, नाकाने वास घेतला आणि म्हणाली, "कॉन्टॅक्ट जळलेत." पॉलिश पेपर मागवला, उकिडवी बसून एकेक कॉन्टॅक्ट घासला, स्क्रू आवळले, ओढणीला कपाळ पुसलं. मेन चालू केला, हिरवं बटण दाबलं. पंप धडधडला, पाइपातून पाणी चढायला लागलं. भिंतीला कान लावून तिने ते वर टाकीपर्यंत ऐकलं. हात कोपरापर्यंत काळे. सेक्रेटरी "थँक यू मॅडम" म्हणाले, तर ही म्हणते, "अजून कुणाचं काही बंद आहे?"

तुमच्याकडेही अशी कुणी डिसेंबरात येणार असेलच. घरातला अडलेला मिक्सर आणि घरघरणारा पंखा तोवर मेकॅनिककडे नेऊ नका. टेस्टर मात्र चांगला आणून ठेवा.