आष्टीहून समुद्र

आष्टीहून मुंबईचा समुद्र साधारण तीनशे किलोमीटर. त्यामुळं तो दिसतो तो बहुधा कुणाच्या तरी स्टेटसला. अर्धी चौकट अंगठ्यानं झाकलेली, आणि लाट फुटायच्या आत पुढचं स्टेटस हजर : कुणाच्या तरी लग्नाचा वाढदिवस. पण तक्रार कशाची करायची? सिनेमातला समुद्र पहिल्यापासून एवढाच आहे.

७ जुलै १८९६ ला मुंबईच्या वॉटसन्स हॉटेलात ल्युमिएर बंधूंची चलच्चित्रं लागली. तिकीट एक रुपया. सहा चित्रांत एक समुद्रस्नानाचं होतं. ऐन जुलै, खरा समुद्र बाहेर फुकटात खवळलेला, आणि आत मंडळी रुपया मोजून पडद्यावरचा बघतायत! मला त्यांचं कौतुकच वाटतं. बाहेरची लाट उद्याही येणार होती. ही रीळ संपलं की संपली. पुरतं मिनिटभरसुद्धा नाही.

त्याच खेळात गाडी स्टेशनात येते, तेही चित्र होतं. आष्टीच्या स्टेशनात नगरची गाडी लागायला २०२२ चा सप्टेंबर उजाडला. समुद्राचं अजून कुणी काही कळवलेलं नाही.

ते समुद्रस्नान मी आमच्या अण्णांना मोबाइलवर दाखवलं. पोरं फळीवरून धावत येतात, लाटेत उडी टाकतात, काठाला लागून पुन्हा फळीवर. बास. अण्णांनी उन्हाळ्यात विहिरीवर कैक पोरांना पोहायला शिकवलंय. त्यांनी दोनदा बघितलं आणि निकाल दिला, ‘‘मुटका काय जमंना यांना.’’ मग जरा वेळानं, ‘‘एवढं पाणी, अन् एक टँकर भरायच्या कामाचं न्हाई.’’

असले लघुपट बघताना लोक चुळबुळतात : पुढं काय होतं? जूनमध्ये ओट्यावर बसून तासन्‌तास ढगाकडं बघणाऱ्या तालुक्यानं तरी हे विचारू नये. तिथंही पुढं बऱ्याचदा काही होत नाही.

माया डेरेन या बाईंनी १९४४ मध्ये ‘अ‍ॅट लँड’ केला. त्यात सुरुवातीलाच लाटा उलट्या फिरवल्यात. फुटलेली लाट आपला फेस गोळा करून आत जाते, वाळूवर बाई तेवढी उरते. म्हणजे उलटी फिरवली तरी लाट जातेच! पंधरा मिनिटांचा मूकपट आहे, जरूर बघा. रात्री अंथरुणात बघितला तरी घरात कुणाची झोपमोड व्हायची नाही.