शाल, श्रीफळ आणि थकलेली वर्गणी

रत्नागिरीचे नगर वाचनालय १८२८ सालचे. मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश यायला तेव्हा तीन वर्षे होती, बाळशास्त्री जांभेकरांचे ‘दर्पण’ निघायला चार आणि बोरीबंदरहून पहिली आगगाडी सुटायला पंचवीस. मराठीत वर्तमानपत्रही नव्हते, तेव्हा कोकणात वाचनालय होते.

आता वर्तमानपत्रे ढीगभर आहेत. ती वाचनालयात बसून फुकट वाचणारेही आहेत.

रत्नागिरीच्या वाचनालयाची २०२८ मध्ये द्विशताब्दी. सोहळा होणारच. मांडव, स्मरणिका, मंत्रिमहोदय, शाल, श्रीफळ. ‘वाचाल तर वाचाल’ हे वाक्य किमान चार वक्ते म्हणतील आणि चौघांनाही ते आत्ताच, आपल्यालाच सुचल्यासारखे वाटेल.

अशा मांडवात कुठल्याही वाचनालयाचे सभासद किती, हे हात वर करायला लावून विचारू नये. पाहुण्यांसमोर गावाची अब्रू जाते.

जुने वाचनालय म्हणजे गावाची शान, हे आपल्याला पाठ आहे. नगरचे १८३८, नाशिकचे १८४०, पुण्याचे १८४८, कोल्हापूरचे १८५०. सनावळी घडाघडा म्हणून दाखवू. आत शेवटचे कधी गेला होतात? ‘लहानपणी, मे महिन्याच्या सुट्टीत.’

पुण्या-कोल्हापुरात सुरुवातीची पाटी होती ‘नेटिव्ह जनरल लायब्ररी’. पुढे साहेब गेला, नेटिव्ह उरले. वकील, मास्तर, मामलेदार संध्याकाळी वाचनालयात भेटत. ते प्रतिष्ठित होते म्हणून तिथे जात, की तिथे जात म्हणून प्रतिष्ठित होते? आता काही अडत नाही. प्रतिष्ठितांसाठी गावात इतर सोयी झाल्या आहेत.

आणि तेव्हा आत कोण नव्हते? सार्वजनिक विहिरी, धर्मशाळा, शाळा अस्पृश्यांना खुल्या कराव्यात हा सीताराम केशव बोले यांचा ठराव मुंबई कायदेमंडळात आला १९२३ साली. रत्नागिरीचे वाचनालय तेव्हा पंचाण्णव वर्षांचे होते. गावोगावच्या स्मरणिकांत असल्या ओळी सापडत नाहीत. जागा जाहिरातींना लागते.

आता आजचे बघू. सकाळी अभ्यासिकेबाहेर पोरे उभी असतात. एमपीएससी, तलाठी, पोलीस भरती. घरात दोन खोल्या, सहा माणसे आणि एक टीव्ही. त्यांना हवे असते टेबल, पंखा, दिवा आणि गप्प बसणारी माणसे. पुस्तके ती स्वतःची आणतात.

यावर जुन्या सभासदांची तक्रार ठरलेली: ‘ही मुले आपले एकही पुस्तक उघडत नाहीत हो!’

बरे, मग कोण उघडते? खांडेकर-फडके कपाटात, कपाटाची किल्ली कार्यवाहांकडे आणि कार्यवाह पुण्याला मुलाकडे.

माझे विचाराल तर गावच्या वाचनालयाला आज जाग आहे ती या पोरांमुळे. भल्या सकाळी तिथला दिवा कादंबरीसाठी कोणी लावला नसता. दुपारी पेपरच्या टेबलाशी येणारे पेन्शनर आणि दिवाळी अंकांसाठी नंबर लावणाऱ्या काकू यांनाही मोजा. साहित्यसेवा वगैरे राहू द्या. ही माणसे येतात म्हणून दार उघडते.

पण दार उघडायला शिपाई लागतो, आणि शिपायाला पगार.

इथे सरकार येते. कोल्हापूर संस्थानाने ग्रंथालयांचा कायदा केला १९४५ साली, देशात पहिला. महाराष्ट्राला तो करायला १९६७ उजाडले. मग अ, ब, क, ड असे वर्ग आले आणि वर्गाप्रमाणे अनुदान. हप्त्याहप्त्याने. पुस्तके, वीजबिल, पगार, सगळे मुख्यतः त्यातच भागवायचे.

२०१२ मध्ये महसूल खात्याला ग्रंथालयांच्या पडताळणीला धाडले. अनेक ठिकाणी त्रुटी निघाल्या. ज्यांच्या निघाल्या त्यांना धरायचे की नाही? नव्या मान्यता आणि वर्गबदल सगळ्यांचेच थांबवले. चोर सोडून संन्याशाला फाशी.

दहा वर्षांनी, २०२२ मध्ये, अनुदान ६० टक्क्यांनी वाढले. आकडा दणदणीत आहे. फक्त तो कशाच्या साठ टक्के, हे विचारायचे नाही. खेड्यातल्या ग्रंथपालाच्या हाती जे पडते, त्यावर अजून सोयरीक जमत नाही.

सरकारला झोडपणे सोपे. आपले काय? ३ ऑक्टोबर २०२४ ला मराठीला अभिजात दर्जा मिळाला, तेव्हा चौकाचौकात फ्लेक्स लागले. एका फ्लेक्सच्या पैशात गावच्या वाचनालयाची वर्षाची वर्गणी आरामात भरली जाते. पण पावतीवर फोटो छापत नाहीत ना!

घरातली रद्दी मात्र आपण वाचनालयाला उदार मनाने ‘भेट’ देतो. मुलांची जुनी गाईडे, २००३ सालचे पंचांग, अर्धवट शब्दकोडी सोडवलेले अंक. ग्रंथपाल बिचारा आभाराचे पत्र लिहितो. एकदा पुस्तक दाखल झाले की निर्लेखनाला, म्हणजे ते नोंदीतून काढायला, ठराव लागतो.

आलेले थोर लोक अभिप्राय वहीत लांबलचक लिहून जातात. वाचनालयाचे पोट भरते ते पावती पुस्तकावर.

म्हणून द्विशताब्दीची, शताब्दीची, कसल्याच सोहळ्याची वाट बघू नका. या शनिवारी गावच्या वाचनालयात जा. अनामत भरा, वर्षाची वर्गणी एकदम भरा, देवघेवीच्या खिडकीतून एक पुस्तक घरी न्या. परत द्यायला उशीर झाला तर दंड द्या, घासाघीस न करता. त्यांना त्याचीही गरज आहे.