झेडची वस्ती

कारखान्यात नवं सॉफ्टवेअर येतं तेव्हा नारळ फुटतो, पेढे वाटले जातात, आणि दुसऱ्या दिवसापासून त्याला आपल्या वळणावर आणायचं काम सुरू होतं. चाकणला मी ज्या कारखान्यात मेन्टेनन्स बघतो, तिथं सॅप आलं तेव्हा कन्सल्टंट म्हणाला, "सर, आहे तसं वापरा, सुखी व्हाल. १९७२ साली जर्मनीत, आयबीएम सोडून बाहेर पडलेल्या पाच जणांनी ही कंपनी काढली. तेव्हापासूनचा अनुभव आहे ह्यात."

प्रॉडक्शनचे साहेब म्हणाले, "त्यांनी आमची सेकंड शिफ्ट पाहिलीय का?"

जर्मनांना अशा साहेबांची कल्पना असावी. गिऱ्हाइकानं स्वतःच्या प्रोग्रॅमांची नावं झेड किंवा वायपासून सुरू करावीत, असा दंडक त्यांनी आधीच घालून ठेवलाय. उद्या अपग्रेड आलं तर त्यांचं-तुमचं मिसळायला नको. आमच्याकडे आता झेडमध्ये उभं राहायला जागा नाही.

सुरुवात एका चौकोनापासून झाली. बिघाडाच्या नोंदीत 'ब्रेकडाऊन' असा एक चौकोन असतो. त्यात टिक केली की मशीन बंद असल्याचे तास मोजले जातात आणि महिनाअखेरीला आमच्या डोक्यावर फुटतात. टिक कुणी करायची? प्रॉडक्शन म्हणे आम्ही, कारण मशीन आमचं. आम्ही म्हटलं आम्ही, कारण ते बंद पडलंय की नुसतं कुरकुरतंय, हे आम्हाला कळतं. शेवटी दोघांना एकेक चौकोन मिळाला, आणि दोन्ही टिकांमधल्या तासांचा फरक दाखवणारा झेड रिपोर्ट तयार झाला. त्या फरकावर दर सोमवारी मीटिंग होते. मशीन तोवर कधीच चालू झालेलं असतं.

मग हेड ऑफिसला बिघाडाची कारणं हवी झाली. यादी मोठ्या कष्टानं केली: शाफ्टचं अलाइनमेंट, फाटलेलं सील, कमी ग्रीस, जास्त ग्रीस (हो, जास्त ग्रीसनंही बेअरिंग तापतं; लाडानं पोरं बिघडतात तसंच). तळाला एक 'इतर' ठेवलं. रात्रपाळीला आमचे जुने फिटर, ज्यांना सगळे मामा म्हणतात, कोपरापर्यंत तेलानं माखलेले हात चिंधीला पुसून माऊस दोन बोटांत धरतात. ते म्हणाले, "साहेब, ते 'इतर' फार खाली आहे, वर घ्या." घेतलं. महिन्याभरात कारखान्यातले झाडून सगळे बिघाड 'इतर' झाले. हेड ऑफिस खवळलं: 'इतर' निवडलं तर किमान दहा अक्षरी खुलासा सक्तीचा! तेव्हापासून आमच्याकडे दहा टिंबांचा खुलासा मिळतो.

पण खरी करामत पुढची. ऑर्डरवर मशीनचा नंबर असल्याशिवाय ती सेव्हच होऊ नये, असं एक झेड कुलूप खर्चाच्या शिस्तीसाठी घातलं गेलं. आता सॅपमध्ये मशीनचा नंबर अठरा अक्षरांपर्यंत लांब असू शकतो, आणि आमच्या उत्साही मंडळींनी एकही अक्षर वाया जाऊ दिलेलं नाही. मामांच्या लेखी ते मशीन म्हणजे 'खिडकीजवळचा कॉम्प्रेसर'. रात्री दोनला बेल्ट तुटला, स्टोअरवाला ऑर्डरशिवाय बेल्ट देईना, आणि नंबर कुणाला पाठ? म्हणून कुणीतरी सिस्टीममध्ये 'किरकोळ' नावाचं एक मशीनच जन्माला घातलं, छोट्याशा नंबरचं. बेल्ट, नटबोल्ट, सील, हातपुसणी, सगळं त्याच्या खात्यावर.

परवा वार्षिक आढाव्यात पडद्यावर तक्ता झळकला. देखभालीवर सर्वांत जास्त खर्च: किरकोळ. फायनान्सच्या साहेबांनी चष्मा वर केला. "हे मशीन किती जुनं आहे?" कुणी बोलेना. शेवटी मामांनाच बोलावलं. मामा शांतपणे म्हणाले, "जुनंच आहे साहेब, पण बंद कधी पडलं नाही."

पुढच्या वर्षीच्या बजेटात त्याच्या ओव्हरहॉलिंगची तरतूद झाली आहे. खरेदी विभागानं कोटेशनं मागवलीत, दोन आलीसुद्धा.